सेंट आल्कमंड, डर्बी: पाडलेल्या चर्चचे कागद कुठे शोधायचे

इंग्लंडमधल्या डर्बीच्या व्हिक्टोरियन (म्हणजे एकोणिसाव्या शतकातल्या) सेंट आल्कमंड चर्चच्या बांधकामाचे कागद मागितले आणि ‘आमच्याकडे काही नाही’ असं उत्तर आलं, हे तुम्ही लिहिलंय. अगदी हेच उत्तर एका कार्यालयाकडून मलाही मिळालं होतं, आणि पुढे कुठे विचारायचं हे कुणी सांगितलं नाही. राग येतो तो याचाच.

‘काही नाही’ म्हणजे त्यांच्या सूचीत नाही, एवढंच. असे कागद तेव्हाच्या धर्मप्रांताच्या, म्हणजे बिशपच्या अधिकारक्षेत्राच्या, दप्तरात शोधायचे, आणि डर्बीचा स्वतंत्र धर्मप्रांत १९२७ चा. त्याआधी १८८४ पासून साउथवेल, आणि त्याच्याही आधी लिचफील्ड. मध्ययुगीन चर्च पाडून हेन्री आयझॅक स्टीव्हन्स यांच्या आराखड्याचं चर्च १८४६ मध्ये पुरं झालं, म्हणजे लिचफील्डच्या काळात. तेव्हा पाडकामाची परवानगी, नव्या इमारतीचे आराखडे, अभिषेकाचा दस्त हे सगळं लिचफील्डच्या बिशपांच्या दप्तरात शोधायचं, आणि ते दप्तर स्टॅफर्डच्या अभिलेखागारात आहे. (१८५८ पूर्वीची डर्बीकरांची मृत्युपत्रंही बहुतेक तिथेच.) पत्रात ‘फॅकल्टी’ (चर्चच्या इमारतीत बदल करायला धर्मप्रांताची परवानगी) हा शब्द, पॅरिशचं (चर्चच्या हद्दीतल्या वस्तीचं) नाव आणि वर्षांची मर्यादा लिहा. आल्कमंडच्या स्पेलिंगमध्ये के किंवा सी, आणि पुढे यू किंवा ओ, सगळे प्रकार द्या. सूचीत एकच रूप असतं आणि शोधयंत्र बाकीची सोडून देतं.

बाप्तिस्मा, लग्न, दफन यांच्या नोंदी मात्र मॅटलॉकच्या डर्बीशायर अभिलेखागारात पाहायच्या. इथे १८४६ पाशी थांबू नका. इमारत व्हिक्टोरियन होती, पॅरिश मध्ययुगीन. इंग्लंडमध्ये अशा वह्या ठेवण्याचा हुकूम १५३८ चा आहे. शिवाय केडलस्टन रोडवरचं आजचं सेंट आल्कमंड १९६८ च्या सुमारासच्या पाडकामानंतर बांधलेलं. दोन्हींची कागदपत्रं एकाच नावाखाली येतात, तेव्हा तारीख बघूनच मागवा.

रिंग रोडसाठी चर्च गेलं १९६८ च्या सुमारास, आणि भोवतालचा जॉर्जियन (मुख्यतः अठराव्या शतकातल्या शैलीचा) चौकही. तेव्हाच्या उत्खननात आधीच्या चर्चचे अवशेष आणि सॅक्सन काळातली (१०६६ च्या नॉर्मन विजयाआधीची) कोरीव दगडी शवपेटी मिळाली. ती डर्बीच्या संग्रहालयात आहे. पण त्या पेटीमुळे स्टीव्हन्स यांची इमारत एका ओळीत गुंडाळली जाते, हे मला पटत नाही. आतल्या रचनेसाठी वारसा वास्तूंचं काम बघणाऱ्या हिस्टॉरिक इंग्लंड संस्थेच्या स्विंडनमधल्या संग्रहात फोटोंची चौकशी करा.

मी व्यावसायिक अभिलेखपाल नाही. फी आणि भेटीचे नियम बदलतात, आधी ईमेल करून खात्री करा. जागा नेमकी ओळखायची असेल तर स्कॉटलंडच्या राष्ट्रीय ग्रंथालयाच्या संकेतस्थळावरचा २५ इंची (एका मैलाला सुमारे २५ इंच) जुना ऑर्डनन्स सर्वे, म्हणजे ब्रिटनच्या सरकारी नकाशा संस्थेचा, नकाशा आजच्या उपग्रहचित्रावर टाकून बघा, फुकट आहे. पारदर्शकता अर्ध्यावर ठेवली की चर्च आणि चौक रस्त्यातल्या कुठल्या भागाखाली गेले ते लगेच कळतं.