नव्या कॉपीरायटरला: आधी माहिती जमव

जाहिरातींचा मजकूर, म्हणजे कॉपी, लिहिण्याच्या या धंद्यात नवा आहेस, तर शब्दांच्या कोट्या जरा बाजूला ठेव. 1950-60च्या दशकांतल्या न्यूयॉर्कच्या जाहिराती शोधून वाच. नुसते मथळे नकोत, खालचा बारीक मजकूर वाच.

डॉयल डेन बर्नबाक या जाहिरात एजन्सीने 1960 साली केलेली फोक्सवॅगनची 'लेमन' घे. अमेरिकेत खराब निघालेल्या गाडीला लेमन म्हणतात; म्हणजे आपल्याच गाडीला चक्क भंगार म्हणणारा मथळा! पण मजकूर लिहिणारा ज्युलियन केनिग लगेच कारण सांगतो: ग्लोव्ह बॉक्सवरच्या क्रोमच्या पट्टीला डाग होता, म्हणून गाडी जहाजावर चढलीच नाही. जर्मनीतल्या वुल्फ्सबर्गच्या कारखान्यात तेव्हा तपासणीलाच 3,389 माणसं, आणि दिवसाला गाड्या बनायच्या 3,000. 'उत्कृष्ट दर्जा' हे शब्द लिहायची गरजच उरत नाही. (तुझ्या पहिल्या ड्राफ्टमध्ये ते नक्की असतील. खोड.)

दुसरा नावाजलेला कॉपीरायटर डेव्हिड ओगिल्वी. त्याने रोल्स-रॉइसच्या 1958च्या जाहिरातीआधी तीन आठवडे त्या गाडीबद्दल नुसतं वाचलं. ताशी 60 मैलांवर सगळ्यात मोठा आवाज घड्याळाचा, ही गाजलेली ओळ त्याला मोटारींच्या एका मासिकातल्या परीक्षणात सापडली. बसून सुचलेली नव्हे.

आणि आर्ट डायरेक्टरच्या, म्हणजे जाहिरातीचं चित्र-मांडणी ठरवणाऱ्याच्या, शेजारी बस. पूर्वी कॉपी लिहून त्याच्याकडे धाडून द्यायची पद्धत होती. डॉयल डेन बर्नबाकच्या बिल बर्नबाकने दोघांना एकत्र बसवलं. मेलवर कॉपी फेकून मोकळं होणं म्हणजे पुन्हा तेच. पुढच्या ब्रीफला (नव्या कामाची माहिती हाती आली की) क्लायंटकडे कारखाना बघायची परवानगी माग, आणि मार्केटिंगवाल्यांना टाळून तपासणी करणाऱ्यालाच गाठ.