स्वीकृत सदस्य होण्याआधी

चिरंजीवास अनेक आशीर्वाद.

नगरपालिकेत स्वीकृत सदस्य म्हणून तुझं नाव पुढे आलंय. सभागृहात बसायचं, बोलायचं, पण मत द्यायचं नाही, अशी ती जागा. "मग काका, उपयोग काय?" हा तुझा प्रश्न फोनवर उरकण्यासारखा नव्हता, म्हणून लिहितोय.

एकोणिसाव्या शतकातल्या मुंबईचे मोठे व्यापारी नाना शंकरशेठ, त्यांचं आयुष्य जरा व्यापाऱ्याच्या नजरेनं बघ. घराणं मूळचं मुरबाडचं. वडील लवकर गेले आणि ऐन तारुण्यात पेढी अंगावर आली. अरब, अफगाण व्यापारी बँकेपेक्षा नानांकडे पैसे ठेवायला राजी असत म्हणतात. पुढचं सगळं राजकारण या विश्वासावर उभं राहिलं, असं माझं मत.

१८५२ साली, ईस्ट इंडिया कंपनीची सनद (राज्यकारभाराचा परवाना) पुढच्या वर्षी विलायतेच्या पार्लमेंटपुढे येणार हे पाहून मुंबईकरांनी बॉम्बे असोसिएशन काढली. नाना अध्यक्ष, डॉ. भाऊ दाजी चिटणीस. थेट विलायतेला अर्ज गेला, त्यात कायदे करणाऱ्या मंडळात इथल्या माणसांना जागा मागितली होती. शेटिया मंडळींचा, म्हणजे मुंबईतल्या बड्या व्यापाऱ्यांचा, धंदा सरकारच्या मर्जीवर चालायचा, तेव्हा काहींनी हळूच अंग काढून घेतलं. आडत्यांच्या संघटनेत तू हे पाहिलंच आहेस. नाना मात्र हलले नाहीत. १८५७च्या धामधुमीत सरकारनं त्यांच्यावरही संशय घेतला, पण हाती काही लागलं नाही.

मागितलेली जागा दहा वर्षांनी मिळाली. १८६२ साली नाना मुंबई इलाख्याच्या कायदेमंडळावर गेले, तेही गव्हर्नरच्या नेमणुकीनं, कारण निवडणूक नव्हतीच. सरकारनं पुढे ठेवलेल्या विधेयकावर बोलायचं, एवढंच काम. प्रश्न विचारायची सोय नाही, अंदाजपत्रकावर चर्चा नाही. ती मुभा १८९२च्या कायद्यानं आली, तोवर नानांना जाऊन सत्तावीस वर्षं झाली होती. तुझ्या जागेची तक्रार करताना हे ध्यानात असू दे.

पण त्या खुर्चीबाहेर बघ. मुलींना शिकवणं म्हणजे धर्म बुडवणं असं गिरगावातले शहाणे म्हणत, तेव्हा नानांनी राहत्या वाड्यात मुलींच्या शाळेला जागा दिली. रेल्वेसाठी १८४५पासून खटपट केली, गाडी धावली १८५३च्या एप्रिलात. आणि सोनापूरचं स्मशान शिवडीला हलवायचं सरकारनं मनात घेतलं, तेव्हा हा श्रीमंत माणूस आडवा आला. गिरगाव-भुलेश्वरच्या गरिबानं तिरडी खांद्यावर घेऊन शिवडीपर्यंत चालायचं का? मला रेल्वेपेक्षा हे प्रकरण मोठं वाटतं. रेल्वेत व्यापाऱ्याचाही फायदा होता, इथे दमडीचा नव्हता.

तेव्हा तू खुशाल हो म्हण, पण पहिल्या सभेत बाजारपेठेचा प्रश्न काढू नकोस. मागच्या वस्तीतला नळ कधी येतो, किती वेळ येतो, हे स्वतः पहाटे जाऊन बघ आणि त्यावर बोल. तुझ्याकडे मत नाही. तेव्हा ज्यांच्याकडे आहे त्यांना सभेआधी भेटत जा, विरोधकांनासुद्धा.

आणि होकार कळवण्याआधी गाळ्याची थकलेली घरपट्टी भरून टाक. पावती जपून ठेव, पहिल्याच महिन्यात कोणीतरी मागेल.

तुझा,
काका