कोरियन नट शिन गू यांचं काम बघायचं तर सुरुवात कुठून करावी?

२०१३ साली चार म्हाताऱ्या नटांना युरोपात फिरवणारा एक कोरियन कार्यक्रम आला होता. त्यातले शिन गू मुख्य भूमिकांत कुठे सापडत नाहीत, तरी तिकडे त्यांना एवढा मान का, असं तुम्ही विचारलंय.

आधी शोधण्याची अडचण. कोरियन लिपीत नुसतं 'शिन गू' टाकलंत तर भलतंच काहीबाही येतं, कारण त्याच अक्षरांचा अर्थ 'नवं-जुनं' असाही होतो. पुढे 'बेऊ' (म्हणजे नट) हा शब्द जोडा. वयाचाही घोळ होतो. जन्म १९३६चा, पण जुन्या कोरियन पद्धतीत जन्मतःच एक वर्ष धरतात, त्यामुळे बातम्यांमध्ये वय एखाद-दोन वर्षांनी जास्त दिसतं.

ते मुळात नाटकवाले. १९६२ साली नाटककार यू ची-जिन यांच्या 'बैल' या नाटकातून रंगभूमीवर आले. नाव खरं शिन सुन-गी. 'शिन गू' हे यू यांनीच ठेवलेलं. घराघरांत मात्र ते टीव्हीमुळे पोचले. १९९९ला सुरू झालेल्या घटस्फोटांवरच्या मालिकेत ते कौटुंबिक न्यायालयातले समेट घडवणारे गृहस्थ होते. 'चार आठवड्यांनी भेटू' हे त्यांचं ठरलेलं वाक्य लोकांच्या तोंडी बसलं. २००२च्या खेकडा-बर्गरच्या जाहिरातीतलं 'तुम्हाला खेकड्याची चव काय कळणार?' हेही तसंच.

पण सुरुवात कराल तर 'ख्रिसमस इन ऑगस्ट' (१९९८) या सिनेमापासून करा. मुलगा फोटो स्टुडिओ चालवतो आणि त्याचे दिवस भरत आलेत. शिन गू त्याचे वडील. मुलगा त्यांना व्हिडिओ कसा लावायचा ते शिकवतो. ते पुन्हा पुन्हा चुकतात, मुलगा वैतागून उठून जातो. भांडण रिमोटच्या बटणांवरून, पण आपल्यामागे हे काम बापाला एकट्याने करावं लागणार हे मुलाला ठाऊक आहे. इथे मुलाकडे न बघता बापाच्या हातांकडे बघा. शिन गू दुःख दाखवत नाहीत, फक्त न जमणं दाखवतात. माझ्या मते त्यांची सगळी कला त्या एका प्रसंगात आहे.

मग नाटकं. 'द लास्ट सेशन'मध्ये ते मनोविश्लेषक सिग्मंड फ्रॉइड. ३ सप्टेंबर १९३९, ब्रिटन युद्धात उतरतंय आणि लंडनमध्ये फ्रॉइड आणि श्रद्धाळू ख्रिस्ती लेखक सी. एस. लुईस देवाच्या अस्तित्वावर वाद घालतायत. अख्खं नाटक दोघांवर, म्हणजे पाठांतराची कसोटीच. २०२२मध्ये याच नाटकाच्या काळात त्यांना हृदयाच्या त्रासाने रुग्णालयात न्यावं लागलं, पेसमेकर बसवला. तरी पुढच्या वर्षी ते फ्रॉइड करायला परत उभे राहिले.

डिसेंबर २०२३मध्ये सोलच्या राष्ट्रीय नाट्यगृहात सॅम्युएल बेकेटचं 'वेटिंग फॉर गोदो' आलं, कधीच न येणाऱ्या गोदोची वाट बघणाऱ्या दोन भटक्यांचं नाटक. शिन गू एस्ट्रागॉन, युरोपच्या त्या प्रवासातलेच सोबती पार्क गन-ह्योंग व्लादिमीर. पडदा उघडताच एस्ट्रागॉन पायातला बूट ओढत बसलेला असतो आणि तो काही निघत नाही. ८७ वर्षांच्या माणसाने ते केलं की त्यात अभिनय किती आणि वय किती, हे सांगता येत नाही.

सोलमध्ये त्यांच्यासारख्या नटाचं नाटक बघायला गेलात तर तिकिटाआधी तारखेनुसार नटांचा तक्ता बघा. तिकडे एकाच भूमिकेला दोन नट आलटून-पालटून ठेवायची पद्धत आहे. २०२२च्या फ्रॉइडमध्ये त्यांच्या जोडीला ओ यंग-सू होते, 'स्क्विड गेम' या कोरियन मालिकेतले आजोबा. तारीख चुकली की समोर दुसराच नट. 'गोदो'ला मात्र शिन गूंना पर्यायी नट नव्हता.