चंद्र तपासा!
(वाचकांच्या शंका, आमची उत्तरं)

प्रश्न : माझ्या कथेत शुद्ध अष्टमीच्या रात्री दोन वाजता नायिका सदाशिव पेठेतल्या गच्चीवर उभी आहे. लाल साडी. सिंहगडामागून चंद्र वर येतो. शेजारच्या घरात कुणीतरी तानपुऱ्याची पंचमाची तार जुळवून मालकंस सुरू करतं. संपादकांनी 'चंद्र तपासा' एवढाच शेरा मारून कथा परत पाठवली. नेमकं चुकलं काय?
*– एक वाचक, कोथरूड*

उत्तर : चंद्र तर चुकलाच आहे, पण तानपुराही चुकलाय. क्रमाने घेऊ.

शुद्ध अष्टमीचा चंद्र भर दुपारी उगवतो, दिवेलागणीला माथ्याजवळ असतो आणि मध्यरात्रीच्या आगेमागे मावळतो. दोन वाजता तो आकाशात नाहीच. तुम्हाला हवी आहे वद्य अष्टमी. गोकुळाष्टमीला कृष्णजन्म आणि चंद्रोदय दोन्ही मध्यरात्रीच्या सुमारास येतात, हे लक्षात ठेवलं की पुन्हा घोटाळा होणार नाही. पौर्णिमेला चंद्र सूर्यास्ताच्या सुमारास उगवतो आणि त्यानंतर रोज सरासरी ५० मिनिटं उशिरा. संकष्टीच्या चंद्रोदयाची वेळ भिंतीवरच्या कॅलेंडरात छापलेली असते. समजा ती नऊ वीस आहे. चार दिवसांचे २०० मिनिटं मिळवा, अष्टमीला साडेबारा-पाऊण होतो. हा अंदाज पाच-दहा मिनिटांनी, कधी त्याहून जास्त हुकतो, कारण रोजचा फरक सारखा नसतो. कथेला एवढं पुरतं.

आता सिंहगड. तो सदाशिव पेठेच्या नैर्ऋत्येला, त्यातही दक्षिणेकडे झुकलेला आहे. तिथून चंद्र उगवणं शक्य नाही आणि गंमत म्हणजे तिथे तो मावळतही नाही, कारण मावळतीला तो इतका दक्षिणेकडे कधीच सरकत नाही. फार तर गडाच्या बऱ्याच वर, आकाशात दिसेल. उगवता चंद्र हवा तर नायिकेला कॅम्प-हडपसरच्या दिशेला तोंड करून उभी करा. वद्य अष्टमीला दोन वाजता तो क्षितिजापासून मधल्या उंचीच्याही खाली असेल आणि त्याची उजळ बाजू खाली, क्षितिजाकडे असेल, कारण सूर्य तिकडूनच यायचा आहे. अर्ध्या चंद्राची सरळ कड वर, गोल पोट खाली. हे एक वाक्य कथेत आलं तरी वाचणाऱ्याला कळतं की लिहिणारा त्या वेळी जागा होता.

अर्धा चंद्र म्हणजे अर्धा उजेड, असंही नसतं. अष्टमीचा प्रकाश पौर्णिमेच्या जेमतेम दहावा हिस्सा. चंद्रावर ऊन तिरकं पडतं आणि खड्ड्या-डोंगरांच्या सावल्या बराच उजेड खातात. त्यामुळे साडीचा लाल रंग विसरा. पौर्णिमेच्या चांदण्यातसुद्धा डोळ्याला रंग धड कळत नाहीत आणि लाल तर सगळ्यात आधी काळा पडतो. पांढरं पातळ, मोगरा, चुन्याची भिंत ही दिसतील. (सदाशिव पेठेत गच्चीवर पडलेलं चांदणं बहुतेकदा महापालिकेच्या दिव्याचं असतं, हेही जमेस धरा. वीज घालवा, प्रश्न मिटेल.)

एक दिलासा. वद्य पक्षातही शुद्ध पक्षाइतकंच चांदणं असतं, पण कवी त्याचं वर्णन करत नाहीत, हे राजशेखर या संस्कृत काव्यशास्त्रकाराने काव्यमीमांसेत कविसंकेत म्हणून नोंदवलेलं आहे. म्हणजे वद्याचं चांदणं अजून बरंचसं न वापरलेलं आहे. उशिरा येणारा, तांबूस, कुणी वाट न पाहिलेला चंद्र तुमच्या नायिकेला पौर्णिमेपेक्षा जास्त शोभेल.

मालकंसाची वेळ बरोबर आहे, तो उत्तररात्रीचाच. पण या रागात रिषभ (रे) आणि पंचम (प) हे दोन्ही स्वर वर्ज्य आहेत. त्यामुळे तानपुऱ्याची पहिली तार पंचमात नाही, मध्यमात लावतात. 'पंचमाची तार' या दोन शब्दांनी गाणं जाणणारा वाचक तिथेच उठून जातो. रियाज घरातला ठेवलात ते उत्तम. २००० च्या ध्वनिप्रदूषण नियमांनंतर रात्री दहा ते सकाळी सहा ध्वनिक्षेपकाला बंदी आहे, त्यामुळे आजच्या काळातल्या कथेत दोन वाजताची उघड्या मैदानावरची मैफल पटत नाही. आणि चंद्र स्वरातही आणायचा असेल तर मालकंसातला कोमल निषाद शुद्ध करा, चंद्रकंस होतो. बाकीचे चारही स्वर तेच. गाणारा एका स्वराने घर बदलतो आणि गच्चीवरची ती दचकते, यावर अख्खा परिच्छेद उभा राहील.

प्रश्न : 'पौर्णिमेचा चंद्र आज गच्चीवर' अशी माझ्या गीताची ओळ आहे. चाल लावणारा म्हणतो, ती तालात बसत नाही. मला तर गुणगुणताना बसते.
*– एक वाचक, बिबवेवाडी*

उत्तर : गुणगुणताना आपण नकळत शब्द ताणतो, म्हणून बसते. लघू १, गुरू २ धरून मोजा. 'पौर्णिमेचा' म्हणजे २-१-२-२, एकूण ७. 'चंद्र आज' म्हणजे २-१-२-१, एकूण ६. 'गच्चीवर' २-२-१-१, पुन्हा ६. सुरुवात सात मात्रांच्या रूपकाची आणि पुढे सहा मात्रांचा दादरा! रूपक ३-२-२ असा चालतो आणि 'पौर्णि-मे-चा' हा शब्द त्यावर नेमका पडतो, तेव्हा तोच धरा : 'पौर्णिमेचा चंद्र आला अंगणी या'. तिन्ही तुकडे गालगागा (गा म्हणजे गुरू, ल म्हणजे लघू). गच्ची गेली, पण तिचा शेवटही अडचणीचा होता. 'वर'च्या दोन लघूंवर गाणाऱ्याला थांबायला जागा नाही. ओळ आकारावर संपली की तार सप्तकातही गळा मोकळा राहतो. ईकारावर तो आवळतो.

प्रश्न : 'बेथोव्हेनने मूनलाइट सोनाटा चांदण्यात रचला' असं माझं पात्र म्हणतं. चालेल?
*– एक वाचक, औंध*

उत्तर : पात्राला म्हणू द्या, निवेदकाला नको. ही पियानोरचना १८०१ची; बेथोव्हेनने तिला 'जवळजवळ कल्पनाविलासच' अशा अर्थाचं उपशीर्षक दिलं होतं. पुढे रेलश्टाब या समीक्षकाला तिच्यात सरोवरावरचं चांदणं दिसलं. नाव तिथून आलं.

प्रश्न : चकोर आता कवितेत जुनाट वाटतो का?
*– एक वाचक, धनकवडी*

उत्तर : नुसता 'चंद्राकडे पाहणारा चकोर' वाटतो. ज्ञानेश्वरीच्या पहिल्या अध्यायात मात्र चकोराची पिल्लं शरदातल्या चंद्रकळेतून कोवळे अमृतकण वेचतात. पाहत नाहीत, वेचतात. क्रियापदाने प्रतिमा जिवंत ठेवली आहे. तुमच्याकडे असं क्रियापद असेल तर चकोर खुशाल घ्या. मात्र तो संकेत म्हणूनच. खरा चकोर हिमालयाकडचा, पुण्यातल्या वेताळ टेकडीवर त्याला बसवू नका. तिथे चांदण्या रात्री टिटवी ओरडते आणि रातवा बोलतो. टेबल टेनिसचा चेंडू टेबलावर पडून टपटपत, वेग वाढवत थांबावा, तसा त्याचा आवाज असतो.