रेड डेड रिडेम्प्शन २ मध्ये अस्वल, बायसनसारखे मोठे प्राणी नीट मारून त्यांचं मांस कसं शिजवायचं?

तुम्ही गेमच्या दुसऱ्या चॅप्टरमध्ये आहात, शेकोटीपाशी मसाला लावायचा पर्याय दिसत नाही आणि मांस खाटकाला विकायचं का असंही विचारलंय, पण तुमच्या प्रश्नात मुख्य तक्रारी दोन आहेत. एक, बायसनवर दहा-बारा गोळ्या घालाव्या लागतात आणि शेवटी कातडं तीनपैकी एकाच ताऱ्याचं, म्हणजे सगळ्यात हलक्या दर्जाचं निघतं. दोन, ज्याचं सगळे एवढं कौतुक करतात ते 'बिग गेम मीट' शेकोटीपाशी बसल्यावर यादीत दिसतच नाही.

दुसरीचं उत्तर सोपं आहे, ते आधी उरकतो. बायसनमधून बिग गेम मीट निघत नाही. गेमच्या लेखी बायसन गाय-बैलांच्या पंगतीतला, म्हणून त्याचं मांस सॅचेलमध्ये (खांद्याच्या थैलीत) 'प्राइम बीफ जॉइंट' या नावाने जातं. हरीण, एल्क, मूस यांचं 'मॅच्युअर व्हेनिसन'. बिग गेम हवं असेल तर अस्वल, कूगर किंवा अ‍ॅलिगेटर, म्हणजे आपल्या मगरीचा चुलतभाऊ. मीही पहिला आठवडाभर बायसनच्याच मागे घोडा दामटत होतो आणि मनातल्या मनात गेम बनवणाऱ्या रॉकस्टारला शिव्या घालत होतो, त्यामुळे वाईट वाटून घेऊ नका.

आता ताऱ्यांचं. या गेममध्ये शिकार बिघडते ती बहुतेक वेळा पहिली गोळी सुटायच्या आधी. समोर दिसणाऱ्या प्राण्याचा दर्जा तुम्ही बंदूक उचलण्याआधीच ठरलेला असतो. दोन ताऱ्यांच्या बायसनला कितीही देखणा नेम धरून मारलंत तरी तीन ताऱ्यांचं कातडं मिळेल अशी आशा धरू नका. त्यामुळे पहिलं हत्यार दुर्बीण. कळप दिसला की लांबवर थांबायचं, घोड्यावरून उतरायचं, एकेका जनावरावर दुर्बीण रोखायची, तारे मोजायचे. तीन नसतील तर सोडून द्यायचं. हेच अवघड जातं. दहा मिनिटं घोडा हाकल्यावर एकदाचा मूस दिसतो आणि तो निघतो दोन ताऱ्यांचा. हात शिवशिवतात. सोडा. फक्त पोटासाठी मांस हवं असेल तर मात्र ताऱ्यांकडे बघायची गरज नाही, एका ताऱ्याचं अस्वलही शेकोटीवर तेवढंच चांगलं भाजतं.

दुर्बिणीतून बघतानाच प्राण्याचा 'स्टडी' पूर्ण करून टाका. मग कंपेंडियममध्ये (गेममधल्या माहितीपुस्तकात) त्याच्यासाठी कोणतं हत्यार योग्य ते लिहून येतं. थोडक्यात, हरणाला धनुष्यबाण झकास. अस्वल, बायसन, मूस यांना रायफल किंवा स्नायपर रायफल, आणि गोळी डोक्यात. शॉटगनचे छर्रे आणि स्फोटक गोळ्या यांनी कातड्याची चाळण होते. रिपीटरने धडाधड झाडत सुटलात तर प्रत्येक जादा गोळीला कातडं उतरत जातं, तुमच्या बायसनचं तेच झालं असणार. पळणाऱ्या कळपाच्या बाजूने घोडा घालून मारायला मजा येते हे कबूल, पण ती मजा कातड्याच्या जिवावर असते. त्यापेक्षा जनावरावर नेम धरला की त्याला हाक मारायचा पर्याय येतो, तो वापरा. ते चरता चरता थांबतं, मान वर करून तुमच्याकडे बघतं. तेवढे दोन-तीन सेकंद पुरतात. आणि वारा तुमच्याकडून त्याच्याकडे वाहत असेल तर एवढी खटपट करायच्या आधीच ते पसार झालेलं असतं. तुमचा वास झाकणारं कव्हर सेंट लोशन त्यासाठीच आहे.

माझं पहिलं अस्वल कसं गेलं ते सांगतो, कारण ती चूक सगळेच करतात. गेम २०१८ च्या ऑक्टोबरात कन्सोलवर आली, २०१९ च्या नोव्हेंबरात पीसीवर, आणि मी ती त्यानंतरच्या एका सेलमध्ये घेतली. नदीकाठी ग्रिझली (मोठं तपकिरी अस्वल) दिसला, तीन तारे. मी ऐटीत घोड्यावरून उतरलो, दबकत दबकत पुढे गेलो, नेम धरला. हातात काय? रिव्हॉल्व्हर. या गेममध्ये घोड्यावरून उतरलात की रायफल खोगिरालाच राहते, उतरण्याआधी किंवा घोड्याजवळ उभं राहून ती मुद्दाम घ्यावी लागते. मागे वळून बघतो तर अस्वलाच्या वासाने घोडा रायफलसकट पळालेला. सहा गोळ्यांचं कॅटलमन रिव्हॉल्व्हर आणि समोर ग्रिझली. पुढचं लिहीत नाही. आता माझी सवय अशी झालीय की घोड्यावरून पाय खाली टेकवण्याआधी वेपन व्हील (हत्यारं निवडायचं चक्र) उघडायचंच, समोर ससा असला तरी.

अस्वलाबद्दल आणखी एक. ते अंगावर धावून येतं ते दर वेळी खरंच मारायला येतं असं नाही. कधी कधी नुसतं भेदरवायला येतं आणि अर्ध्यातून परत फिरतं. जागेवर उभं राहून, डेड आय (वेळ संथ करून नेम धरायची सोय) लावून, डोक्यात एक गोळी घालता आली तर कातडं शाबूत राहतं. पळालात की पाठीवर पंजा ठरलेला.

दुसऱ्या चॅप्टरमध्ये आहात म्हणजे टोळीतल्या होझियाबरोबरची अस्वलाची मिशन एक तर झाली असेल किंवा लवकरच येईल. ओक्रीझ रन नावाच्या तळ्याकाठी तो तुम्हाला नेतो. तिथल्या त्या दंतकथेतल्या अस्वलाचं गेममधलं पूर्ण नाव काय आहे माहितीये? भारती ग्रिझली. पडद्यावर पहिल्यांदा वाचलं तेव्हा मी गेम थांबवून मित्राला फोटो पाठवला, त्याच्या मावशीचं नाव भारती. अशा लेजंडरी प्राण्यांचं कातडं खराब होत नाही, आणि ते वाटेत हरवलं तरी ट्रॅपरकडे (कातडी घेणाऱ्या व्यापाऱ्याकडे) पोचतं, त्यामुळे तिथे ताऱ्यांची काळजी नको. साध्या अस्वलाच्या कातड्याला ही सवलत नाही. एकदा परफेक्ट कातडं घोड्यावर घेऊन जाताना लांडग्यांनी मला लोळवलं, उठलो तेव्हा घोडा होता, कातडं नव्हतं. तेव्हापासून मोठं कातडं मिळालं की इकडेतिकडे न रेंगाळता सरळ ट्रॅपर गाठतो.

हरीण अख्खं घोड्यावर टाकता येतं. अस्वल, बायसन, मूस नाही. ते जागेवरच सोलायचे, मोठं कातडं गुंडाळून घोड्यावर, मांस आपोआप सॅचेलमध्ये. सोलतानाचं ते दृश्य पहिल्या वेळी अंगावर येतं. आर्थर, म्हणजे तुम्ही खेळता तो नायक, गुडघा टेकवून, सुरी घालून, दोन्ही हातांनी ओढून कातडं सोडवतो आणि खाली लालभडक धूड पडून राहतं. खऱ्या आयुष्यात एवढा प्राणी सोलून फाडायला काही तास जातात, इथे काही सेकंद. पण एवढ्या मोठ्या धुडातून तुमच्या पदरात मोजकेच तुकडे पडतात हेही खरं.

आता शेकोटी. गावापासून लांब या, तळ टाका, शेकोटीपाशी बसा, 'कुक' निवडा. नुसतं मांस भाजायला काहीच लागत नाही. मसाला लावायचा पर्याय तुम्हाला दिसत नाही कारण सॅचेलमध्ये वनस्पती नाही. पुदिना, ओरेगॅनो किंवा थाइम, या तिघांपैकी एक जवळ हवी. ईगल आय (खुणा ठळक दाखवणारी नजर) लावून चाललात की झुडपं चमकतात, घोड्यावरून जाता जाता उतरून खुडत जायची. साधं भाजलेलं बिग गेम मीट हेल्थ, स्टॅमिना, डेड आय तिन्हींचे कोअर, म्हणजे आतले साठे, भरतं. वनस्पती लावली की वर सोनेरी कडं येतं, म्हणजे काही काळ कोअर घटत नाही. मोठ्या गोळीबाराच्या मिशनआधी मी पुदिना लावलेला एक तुकडा खातो. रोज उठून खायचा पदार्थ नाही तो. फार खाल्लंत तर आर्थरचं वजन वाढतं आणि स्टॅमिना मार खातो.

एक कंटाळा मात्र सांगून ठेवतो. दहा तुकडे एकदम शेगडीवर टाकता येत नाहीत. आर्थर सुरीच्या टोकाला एक तुकडा खोचतो, जाळावर धरतो, चरचर वाजतं, रंग बदलतो, मग खा किंवा ठेवून द्या. मग दुसरा. एका संध्याकाळी मी असाच ओळीने भाजत बसलो होतो आणि आई मागे चहा घेऊन उभी. बराच वेळ बघून म्हणाली, "अरे, मीठ कधी लावणारेस?" मी म्हटलं, गेममध्ये मीठ लावायची सोय नाही. "आणि अस्वलाला पुदिना?" तिला ते अजून पटलेलं नाही. तिच्या मते एवढ्या जाड तुकड्याला आधी वाटण चोळून तासभर ठेवायला हवं, आणि सुरीवर धरून आतपर्यंत शिजणारच नाही.

यात ती बरोबर आहे. अस्वलाच्या मांसात ट्रायकिनेला नावाचा जंत असू शकतो आणि थंड प्रदेशातल्या काही जाती मांस गोठवल्यावरही मरत नाहीत. त्यामुळे ते आतपर्यंत ७१ अंश सेल्सिअसला शिजवायला सांगतात, बाहेरून लाल आतून कच्चं चालत नाही. आर्थरची पद्धत बघितली तर त्याचं पोट कधीच बिघडायला हवं होतं. गेममध्ये भाजलेलं मांस महिनोन्‌महिने सॅचेलमध्ये राहूनही खराब होत नाही, ही दुसरी गंमत. खरे लोक मांस पट्ट्या कापून वाळवत. उत्तर अमेरिकेतले मूलनिवासी वाळलेलं मांस कुटून त्यात चरबी आणि कधी रानातली फळं मिसळत, ते पेमिकन प्रवासात फार काळ टिकत असे.

बायसनबद्दल एक गोष्ट मनात ठेवा. गेमची कथा १८९९ सालची आहे. त्याआधीच्या काही दशकांत कातड्याच्या व्यापारासाठी आणि रेल्वे आल्यामुळे बायसनची इतकी कत्तल झाली की कोट्यवधींच्या कळपातून शे-हजारभर जनावरं उरली. मूलनिवासी जमातींचं अन्न, कपडे, तंबू सगळं त्यांच्यावर होतं, तेही त्याबरोबर तुटलं. गेममध्ये हार्टलँड्सच्या माळावर कळप सहज दिसतात, ते इतिहासापेक्षा खेळाडूची सोय बघून. पण टोळीतल्या चार्ल्सबरोबर बायसनच्या शिकारीला जायचा प्रसंग आला तर घाई करू नका, नीट बघा. मारून तशीच सोडून दिलेली जनावरं दिसल्यावर तो काय करतो, त्यातून त्याचा स्वभाव कळतो. पहिल्या चॅप्टरमध्ये त्याचा हात भाजलेला असतो म्हणून बर्फात हरणं मारायला तो स्वतःचं धनुष्य आर्थरला देतो, आठवत असेल. धीर धरायला मला त्याच मिशनने शिकवलं, बाकी कुठल्या गाइडने नाही.

बिग गेम मीट खाटकाला विकायचं का, हेही तुम्ही विचारलंय. विकू नका. पैसे दुसरीकडून मिळतात. जास्तीचं हरणाचं मांस, अख्खी हरणं टोळीच्या स्वयंपाक्याला, पियरसनला द्या. तो नौदलातून आलेला माणूस, बडबडा आहे, पण टोळीचं पोट त्याच्याकडे आहे आणि मोठं सॅचेलही तोच शिवून देतो. परफेक्ट कातडी आधी त्याच्यासाठी, मग ट्रॅपरसाठी.

आणि अस्वल शोधत डोंगर तुडवायचे नसतील तर सेंट डेनिसजवळच्या बायू न्वा या दलदलीत जा. अ‍ॅलिगेटर चिखलात पसरलेले असतात, बराच वेळ जागचे हलत नाहीत, रायफलने डोक्यात एक गोळी पुरते. दिवसा जा. अंधार पडल्यावर त्या झाडीतून जी माणसं बाहेर येतात त्यांना मांसात रस नसतो.