इंडक्शन म्हणजे एखादं विधान १, २, ३… अशा सगळ्या संख्यांसाठी सिद्ध करायची गणितातली रीत. त्यात विधान ‘क’ या कुठल्याशा संख्येसाठी खरं धरून क + १ कडे जातो. मग जे सिद्ध करायचं तेच गृहीत धरल्यासारखं नाही का?

नाही, कारण विधान क साठी खरं आहे असा दावा त्या पायरीत आपण करतच नाही. ‘क साठी खरं असेल, तर क + १ साठीही खरं’ एवढा जर-तरचा दुवा फक्त सिद्ध करतो. खरेपणा येतो तो पहिल्या पायरीतून: १ साठी तपासलं, दुव्याने २ साठी, मग ३ साठी, असं पुढे. पहिली पायरी गाळून बघा. क = क + १ धरा, दोन्हीकडे १ मिळवा, क + १ = क + २ आलं! दुवा बिनचूक, विधान मात्र साफ खोटं, कारण मुळात १ = २ हेच जमत नाही. (ही पायरी ‘उघड आहे’ म्हणून सोडली की पेपरात मार्क जातातच.) फक्त कधी कधी एकटा क पुरत नाही. १ पेक्षा मोठी प्रत्येक पूर्ण संख्या मूळ असते किंवा मूळ संख्यांचा गुणाकार असते, हे दाखवताना १२ चे ३ आणि ४ असे अवयव पडतात. तिथे क म्हणजे लगेच आधीचा ११ काय कामाचा? अशा वेळी २ पासून क पर्यंत सगळ्यांसाठी विधान खरं धरायचं. याला स्ट्राँग इंडक्शन म्हणतात.