कायद्याचा सल्ला : मी गैरहजर असताना पोटगीचा आदेश झाला

प्रश्न : ताई, मी चाकणला कंपनीत काम करतो, हातात २४,००० येतात. लग्नानंतर दोन वर्षं पत्नी इथेच माझ्यासोबत होती. आता ती मुलीला घेऊन नागपूरला माहेरी राहते. ऑगस्ट २०२४ मध्ये तिने तिथल्या कौटुंबिक न्यायालयात पोटगीसाठी अर्ज केला. समन्स यवतमाळ जिल्ह्यातल्या माझ्या गावी गेलं. आईने अंगठा देऊन घेतलं. ‘कसला तरी कागद आलाय’ असं ती फोनवर म्हणाली होती, पण मी मनावर घेतलं नाही. फेब्रुवारी २०२५ मध्ये पत्नीला ८,००० आणि मुलीला ४,००० असा एकतर्फी आदेश झाला, अर्जाच्या तारखेपासून. आता जुलैपर्यंतच्या १,४४,००० रुपयांच्या वसुलीची नोटीस आली आहे. मित्र म्हणतो, हायकोर्टात अपील टाक, सगळं आपोआप थांबेल. काय करू?
– एक वाचक, चाकण

उत्तर : आधी मित्राचं म्हणणं बाजूला ठेवा. फौजदारी प्रक्रियेच्या कायद्याखाली झालेल्या अशा पोटगीच्या आदेशावर अपील होत नाही. कौटुंबिक न्यायालय कायदा, १९८४ च्या कलम १९ मध्येच तशी मनाई आहे. उच्च न्यायालयात पुनरीक्षण अर्ज (रिव्हिजन) करता येतो, पण तिथे मुख्यतः खालच्या कोर्टाच्या रेकॉर्डवर जे आहे तेच तपासलं जातं, आणि त्या रेकॉर्डवर तुमची पगाराची एक स्लिपही नाही. शिवाय कुठलाही अर्ज नुसता दाखल केला म्हणून वसुली थांबत नाही. स्थगिती वेगळी मागावी लागते आणि ती मिळावी लागते.

तुमचा रस्ता नागपूरच्या त्याच न्यायालयात आहे. तुमचं प्रकरण १ जुलै २०२४ नंतरचं, म्हणून भारतीय नागरिक सुरक्षा संहिता, म्हणजे फौजदारी प्रक्रियेचा नवा कायदा, लागू होते. तिच्या कलम १४५(२) नुसार योग्य कारण दाखवलं तर एकतर्फी आदेश रद्द करता येतो. मुदत आदेशाच्या तारखेपासून तीन महिने. ती उलटून गेली आहे, म्हणून सोबत विलंब माफीचा अर्ज द्या आणि आदेश नेमका केव्हा, कसा कळला ते तारखांसकट लिहा.

आता खरा मुद्दा. माणूस नुसता आला नाही एवढ्यावर एकतर्फी चालवता येत नाही. तो मुद्दाम समन्स टाळतोय किंवा मुद्दाम हजर राहत नाही, अशी न्यायालयाची खात्री व्हावी लागते. म्हणून नागपूरला जाऊन आधी आदेश, रोजनामा (कोर्टाच्या तारखावार कामकाजाची नोंद) आणि समन्स बजावणीचा अहवाल यांच्या नकला काढा. पूर्वी समन्स घरातल्या सज्ञान पुरुषाकडेच देता येत असे. नव्या संहितेच्या कलम ६६ मध्ये ‘पुरुष’ हा शब्द उरलेला नाही. त्यामुळे आई बाई आहे म्हणून बजावणी चूक, हा युक्तिवाद चालणार नाही. पण समन्स घेणारा घरचा सदस्य तुमच्यासोबत राहणारा हवा, ही अट आजही आहे. तुम्ही चाकणला, आई गावी. भाडेकरार आणि कंपनीचं हजेरीपत्रक जोडा. चाकणचा पत्ता पत्नीला माहीत होता, तरी अर्जात दिला नाही, हेही लिहा.

आईच्या फोनचं मात्र लपवू नका. तुमच्या बाजूचा हा कच्चा दुवा आहे आणि पत्नीचे वकील तो शोधतीलच. ‘मला काहीच कळलं नाही’ असं शपथपत्रात लिहिलंत आणि उलटतपासणीत फोन निघाला, तर उरलेल्या खऱ्या गोष्टींवरही कुणी विश्वास ठेवणार नाही. कागद आल्याचं कळलं, तो कोर्टाचा आहे हे कळलं नाही, असं असेल तर तेवढंच लिहा.

आणि जाताना पैसे घेऊन जा. हे मी कळकळीने सांगते. आदेश रद्द करताना न्यायालय अटी घालू शकतं, समोरच्या पक्षाचा खर्चही द्यायला लावू शकतं. थकबाकीचा काही भाग आधी भरायला लावणंही नेहमीचं आहे. पण अटीची वाट कशाला पाहायची? तुमची मुलगी वर्षभर कुणाच्या तरी पैशावर जेवते आहे. तिचे ४,००० तर वादाचा विषयच नसावेत. आजपासून दरमहा पत्नीच्या खात्यात भरा, रोखीने नको, म्हणजे पुरावा राहील. वसुलीच्या तारखेलाही गैरहजर राहू नका. वॉरंट निघू शकतं, एक महिन्यापर्यंत कैद होऊ शकते, आणि कैद भोगली तरी थकबाकी फिटत नाही. १९८९ मध्येच सर्वोच्च न्यायालयाने ते स्पष्ट केलं आहे.

अर्जाच्या तारखेपासून पोटगी का, म्हणून वाद घालू नका. रजनेश विरुद्ध नेहा या सर्वोच्च न्यायालयाच्या ४ नोव्हेंबर २०२० च्या निकालाने तोच नियम घालून दिला आहे. त्याच निकालाप्रमाणे दोघांनाही मालमत्ता आणि देण्यांचं शपथपत्र द्यावं लागतं. २४,००० मधून १२,००० जास्त आहेत की नाहीत, हे त्या कागदांवर ठरेल. घरभाडं, कर्जाचा हप्ता, आईचा औषधखर्च सगळं पावत्यांसह मांडा. वकिलाची फी झेपत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे चौकशी करा, उत्पन्नाच्या मर्यादेत बसलात तर मोफत वकील मिळेल.

आदेश रद्द झाला नाही, आणि पुढे नोकरी गेली किंवा पगार घटला, तर रक्कम बदलून मागण्यासाठी त्याच संहितेचं कलम १४६ आहे. त्याला तीन महिन्यांची मुदत नाही.